भाकर घरी होती

देवळीचा बापूराव आचारी उभ्या जन्मात लग्नाच्या मांडवात जेवला नाही. नवं माणूस हे ऐकून हसायचं. ज्याच्या हातच्या बुंदीसाठी वऱ्हाडी मंडळी दोनदा ताट पुढं करायची, ज्याच्या वांग्याच्या भाजीचं नाव पार आर्वीपर्यंत गेलं होतं, तो स्वतः काय उपाशी राहायचा? हो बाप्पा, उपाशीच राहायचा. शेवटची पंगत उठली की फडक्याला हात पुसायचा, सायकल काढायचा आणि तडक घरी यायचा. घरी टोपल्यात फडक्याखाली ज्वारीची भाकर झाकून ठेवलेली असायची. सोबत झुणका, नाहीतर नुसता ठेचा आणि कांदा. पाय धुवून पाटावर बसला की म्हणायचा, "दुनियेले बुंदी, मले भाकर."

ही सवय लावली त्याच्या बायकोनं, देवकाबाईनं. नवी नवी लग्न होऊन आली तेव्हा हा गडी चार-चार दिवस गावोगावच्या मांडवांत. घरात ती आणि तिची सासू. एकदा रुसून म्हणाली, "साऱ्या बाया आपल्या नवऱ्याले वाढतात. मीच काऊन नाई वाढायचं? कितीबी रांधा, पण जेवाले घरी येत जाजा." कोणती बायको नव्या नवलाईत असलं काही बोलत नाही? बोलते आणि विसरते. देवकाबाईही विसरली असती. पण हा वेडा माणूस विसरला नाही. त्यानं ते मरेपर्यंत पाळलं. बरं, त्याला ते जडही गेलं नाही. दिवसभर भट्टीपाशी उभं राहिल्यावर धुरानंच पोट भरतं, हे कोणताही आचारी सांगेल. घरी येऊन हातपाय धुतले की मग कुठं भूक उघडायची.

अशा माणसाचं सगळं आयुष्य एका कढीनं नासवलं.

कोरोनाच्या आधीची गोष्ट. देवळीपासून दूरच्या एका गावात लग्न होतं. बापूरावनं रात्रीची पंगत उठवली, उरलेली कढी स्टीलच्या गंजात झाकून ठेवली, यजमानाला सांगितलं, "सकाळी हे वापरू नका, गाईले टाका." आणि तो निघून आला. सकाळी लग्नघरच्या मांडववाल्यांना स्टीलचा गंज भाड्यानं आणलेल्या भांड्यांसोबत परत करायचा होता. कोणीतरी ती कढी घरच्या पितळेच्या गुंडात ओतली. त्या गुंडाची कल्हई केव्हाची उडालेली. आंबट कढी त्यात दुपारपर्यंत उन्हात राहिली आणि मांडव सोडायला आलेल्या मजुरांना भातासोबत वाढली गेली. चौघं-पाचजण ओकून ओकून दवाखान्यात गेले. त्यातला एक परत आला नाही. ओमप्रकाश. देवळीचाच, बापूरावच्या घरापासून दोन गल्ल्या पलीकडचा. त्याच्या आईला, सुमित्राबाईला तेवढा एकच मुलगा.

पोलीस आले तेव्हा मांडववाले एका तोंडानं म्हणाले, कढी आचाऱ्यानं केली, आचाऱ्यानंच गुंडात ठेवली. झालं! निष्काळजीपणानं मृत्यू घडवल्याचा गुन्हा बापूरावच्या नावावर लागला.

खटला चालला. बापूराव साधा माणूस, कोर्टात उभं राहिलं की त्याची जीभ टाळ्याला चिकटायची. सरकारी वकिलानं विचारलं, "तुम्ही त्या रात्री तिथं जेवलात?"

"नाई साहेब."

"तुम्हीच केलेलं अन्न, आणि तुम्हीच जेवला नाहीत? का बरं?"

आता एवढ्या वेळी माणसानं सांगावं ना, की बायको भाकर घेऊन बसलेली असते! एक वाक्य होतं. पण बापूराव जुन्या वळणाचा. भरल्या कोर्टात, परक्या पुरुषांसमोर बायकोचा विषय काढायचा, ती आपल्यासाठी थांबते हे चारचौघांत सांगायचं, या विचारानंच त्याचे कान तापले. तो एवढंच म्हणाला, "मी तिथं जेवत नाई."

"भीती वाटत होती?" वकील म्हणाला. मागं कोणीतरी फिसकन हसलं. बापूराव खाली मान घालून उभा राहिला. आणि देवकाबाई त्याच वेळी बाहेर वऱ्हांड्यातल्या बाकावर डबा मांडीवर घेऊन बसली होती. तिला कोणी आत बोलावलं नाही.

निकाल लागला. एक वर्षाची कैद, वर दंड, आणि दंड वसूल झाला की त्यातला बराचसा भाग सुमित्राबाईला भरपाई म्हणून. निकालाच्या कागदात एक वाक्य होतं. आरोपीनं स्वतः शिजवलेलं अन्न स्वतः खाणं टाळलं, यावरून ते अन्न सुरक्षित नसल्याची त्याला जाणीव होती, असं दिसतं. त्यांची वकील नंदिनी वर्ध्याची, तरुण, गुणी पोर. तिनं हे वाक्य वाचून दाखवलं तेव्हा देवकाबाईला समजलंच नाही. तिनं पुन्हा वाचायला लावलं. मग ती नवऱ्याकडे वळली. "अवं माय! तुमी सांगतलं काऊन नाई?"

बापूराव नखानं हाताचा मळ काढत राहिला. "साऱ्या कोर्टात तुह्यं नाव कसं काढू?" तो म्हणाला.

देवकाबाई त्या दिवशी ढसाढसा रडली. नवऱ्यावर चिडली, स्वतःवर चिडली, त्या टोपल्यातल्या भाकरीवरसुद्धा चिडली.

नंदिनीनं वरच्या कोर्टात अपील केलं. जामीन मिळाला. ती म्हणाली, "काकू, वरच्या कोर्टानं मनात आणलं तर ते नवी साक्ष घेऊ शकतं. आपण तुमची साक्ष मागू. तुम्ही फक्त खरं सांगायचं." त्या दिवसापासून देवकाबाईच्या जिवाला एकच ध्यास लागला. शेतात निंदणी करताना, भांडी घासताना ती ते बोलणं मनात घोळवायची. साहेब, मी देवका बापूराव. हा माणूस तीस वर्षं बाहेर जेवला नाही. भाकर घरी होती म्हणून जेवला नाही. बस्स, एवढंच सांगायचं होतं तिला. नवरा तुरुंगात जाईल याचं भय होतंच. पण त्याहून मोठं भय हे होतं, की आपल्या हातच्या भाकरीनं त्याला दोषी ठरवलं आणि ते तसंच राहून जाईल.

तारखा पडत राहिल्या. बापूरावला कोणी लग्नाला बोलावेना. मोठ्ठी कढई, झारे, उलथणी, परात मागच्या खोलीत पडून राहिली. तो रोज जाऊन त्यांवरची धूळ पुसायचा. हळूहळू त्याचं बोलणं कमी झालं. जेवताना "दुनियेले बुंदी" म्हणणंही थांबलं, कारण दुनियेला बुंदी वाढायची राहिलीच कुठं होती? मग एका पहाटे तो संडासला म्हणून उठला आणि अंगणातच कोसळला. दवाखान्यात नेईपर्यंत संपला होता.

इथून पुढं जे झालं त्यात कोणाच्या मनात वाईट नव्हतं. म्हणूनच ते ऐकताना जास्त चीड येते.

देवकाबाईच्या घरची रीत अशी, की नवरा गेलेल्या बाईनं सव्वा महिना उंबरठा ओलांडायचा नाही. सव्वा महिना भरला की माहेरचा माणूस येतो, लुगडं देतो आणि तिला पहिल्यांदा बाहेर काढतो. तोवर कोपऱ्यात बसून राहायचं. देवकाबाई बसली. तिचा मुलगा राकेश सगळं बघत होता. पोरगा भला. एका दुकानात कामाला जायचा, बापावर त्याचा जीव होता.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी नंदिनीचा त्याला फोन आला. तिनं नीट समजावून सांगितलं. माणूस गेला की त्याच्या कैदेचं अपील आपोआप बंद होतं. पण बंद होणं म्हणजे निर्दोष सुटणं नव्हे. खालचा निकाल तसाच राहतो. घरच्या जवळच्या माणसानं तीस दिवसांच्या आत अर्ज केला, की आम्हाला हे चालवायचं आहे, तर कोर्ट चालवू देतं. आणि दंडाचं वेगळं. दंड माणसासोबत मरत नाही. तो त्याच्या मागं राहिलेल्या मालमत्तेवर बसतो, आणि त्याच्याविरुद्धचं अपीलही त्यामुळं जिवंत राहतं. "काकूंना विचार," ती म्हणाली. "त्यांना साक्ष द्यायची होती. तीस दिवस लक्षात ठेव."

राकेशनं सगळं ऐकलं. पण त्याच्या मनात एकच गोष्ट रुतून बसली. दंड मरत नाही! बापाच्या डोक्यावर तेरवीपर्यंत, म्हणजे तेराव्या दिवसापर्यंत, कोणाचं देणं ठेवू नये, हे त्यानं लहानपणापासून ऐकलेलं. किराणावाल्याची उधारी, शेजाऱ्याचं उसनं, सगळं तेरवीच्या आधी मोकळं करायचं, नाहीतर गेलेल्या जिवाची सुटका होत नाही. आणि इथं तर सरकारचं देणं! शिवाय तेही कोणाच्या मेलेल्या पोराचं. त्याला झोप लागेना. आईला विचारावं, तर आई कोपऱ्यात डोक्यावरून पदर घेऊन बसलेली. तिच्यापुढं कोर्टाचं नाव कसं काढायचं?

बापाची मालमत्ता म्हणजे काय, तर मागच्या खोलीतली भांडी. तेरवीच्या दोन दिवस आधी राकेशनं ती विकली. देवकाबाईनं आतून कढईचा खणखणाट ऐकला, ऑटो सुरू झालेला ऐकला. तिला वाटलं, तेरवीच्या स्वयंपाकाला नेत असतील. तिला बरं वाटलं. म्हटलं, त्यांचीच कढई त्यांच्या तेरवीला लागली. ओरडून म्हणालीसुद्धा, "सांभाळून ने रे बा, कान तुटन तिचा!"

राकेशनं दंड भरला. कोर्टात कोणीतरी विचारलं, अपील चालवायचं आहे का? तो म्हणाला, "बाबाच नाई राह्यले, आता काय चालवायचं? मोकळं करा त्याईले." तसं लिहून त्यानं सही केली. बाहेर आला तेव्हा त्याचे डोळे भरून आले होते. बापाचं देणं फिटलं म्हणून तो कोर्टाच्या फाटकापाशी उभा राहून रडला. नंदिनीला त्यानं फोनही केला नाही. त्याला वाटलं, आता काय उरलं सांगायला?

तेरवी झाली. सव्वा महिना भरला. आर्वीहून देवकाबाईचा भाऊ मोतीलाल लुगडं घेऊन आला. ती उंबरठ्याबाहेर पडली, देवाला हात जोडले आणि घरी न परतता भावाला म्हणाली, "दादा, मले वर्ध्याले ने. कोर्टात माही साक्ष राह्यली आहे."

नंदिनीच्या खोलीत ती ताठ बसली. नवं लुगडं अंगाला टोचत होतं. म्हणाली, "बाई, आता केव्हा बोलावतील मले?"

नंदिनीनं तिच्याकडे बघितलं, मोतीलालकडे बघितलं. "काकू, राकेशनं तुम्हाला काहीच सांगितलं नाही?"

मग सगळं निघालं. तीस दिवसांचं, दंडाचं, सहीचं. कढई कुठं गेली तेही तिथंच समजलं. देवकाबाई ऐकत राहिली. रडली नाही. एवढंच विचारलं, "म्हणजे माह्या माणसाची केस सुटली का नाई?"

"बंद झाली, काकू. सुटली नाही."

"अन् ते भाकरीचं लिहिलेलं?"

"ते तसंच राहिलं."

या पोरीचंही भलं हो, तिनं धीर सोडला नव्हता. म्हणाली, "नागपूरला हायकोर्टात जाता येईल. उशीर का झाला ते सांगू, सव्वा महिन्याची रीत सांगू, मुलाला समजलं नव्हतं हे सांगू. आशा थोडी आहे. पण आहे. फक्त एक गोष्ट. सुमित्राबाईनं भरपाईसाठी अर्ज केलाय. आपण गेलो तर तिचे पैसे पुन्हा अडकतील. तुम्ही दोन दिवस विचार करून सांगा."

परतीच्या एसटीत मोतीलाल भाच्याला शिव्या देत होता. "गधा आहे तो! एकदा आईले विचारलं असतं तर काय जीभ झडत होती?" देवकाबाई खिडकीबाहेर बघत म्हणाली, "नोको बोलू त्याले. त्यानं बापाचं देणं फेडलं. त्याले काय माहीत, देण्यातच बापाची सुटायची वाट होती." आणि मग तिला रडू फुटलं. वेचणीला आलेला कापूस शेताशेतांत पांढरा झाला होता, आणि ती लुगड्याच्या काठानं तोंड दाबून रडत होती.

देवळीला उतरल्यावर तिनं भावाला घरी पाठवलं आणि स्वतः दोन गल्ल्या पलीकडे गेली. खटला लागल्यापासून त्या दारात तिनं पाय ठेवला नव्हता. एकेकाळी दोघी सोबत कापूस वेचायला जायच्या. नंतर रस्त्यात समोरून आल्या तरी एक जण दुसऱ्या कडेला सरकायची. बापूराव गेला तेव्हाही सुमित्राबाई आली नव्हती, तेरवीलाही नाही. तिनं का यावं?

सुमित्राबाई चुलीपाशी होती. भिंतीवर ओमप्रकाशचा फोटो, त्याला वाळलेला हार. देवकाबाई दारातच उभी राहिली. "येऊ का?"

सुमित्राबाईनं नुसती मान हलवली. देवकाबाई आत आली, पण बसली नाही. उभ्या उभ्याच तिनं ते सांगितलं, जे इतकी वर्षं कोर्टासाठी जपून ठेवलं होतं. पण कोर्टासारखं नीट आलं नाही. मध्येच अडखळली, मध्येच हुंदका आला. नव्या नवलाईतलं रुसणं, टोपलं, फडकं, पाय धुवून पाटावर बसणं, सगळं गुंता होऊन बाहेर आलं. "मीच म्हटलं होतं त्याईले, जेवाले घरी येत जाजा म्हणून. भेवानं नाई वं राह्यले ते उपाशी. मले कोणी विचारलंच नाई. विचारलं असतं तं सांगतलं असतं."

सुमित्राबाई पीठ मळता मळता थांबली होती. तिनं हाताचं पीठ परातीत झटकलं. मग म्हणाली, "असन. तू खोटं नाई बोलनार, मले माहीत आहे. पण मंग मी कोणाचं नाव घेऊ?"

"काय?"

"लोक विचारतात, पोरगा कशानं गेला. मी म्हणते, बापू आचाऱ्याच्या कढीनं. तेवढंच आहे माह्याजवळ सांगाले. ते मांडववाले तं सुटले, त्याईचं नाव कुठीच नाई कागदात. आता तुहा माणूसबी सुटला, तं माहं पोट्टं कशानं मेलं? आपोआप मेलं?" तिचा आवाज चढला आणि लगेच फुटला. "एवढं एक नाव दिलं कोर्टानं मले. तेबी नेशीन?"

या प्रश्नाचं उत्तर देवकाबाईनं कधी घोळवलं नव्हतं. तिला नागपूर आठवलं, नंदिनीचं 'आशा थोडी आहे' आठवलं. आणि धूळ पुसत बसलेला नवरा आठवला, जो कधी कोणाला एक शब्द उलटून बोलला नाही. चुलीतलं लाकूड सरकून खाली पडलं, ते तिनंच वाकून आत सारलं.

"घेत जाजो त्याईचंच नाव," ती म्हणाली. "मी नाई जात नागपूरले. तुहे पैसेबी अडकवत नाई. पण नाव घेशीन ना, तेव्हा एवढं सांगत जाजो, का तो माणूस भेवानं उपाशी नव्हता गेला. घरी भाकर होती."

सुमित्राबाईनं पदरानं डोळे पुसले. "सांगीन," ती म्हणाली. मग तव्यावर भाकर टाकली. ती फुगली तशी उलटवली, उतरवली आणि पितळीत ठेवून पुढं सरकवली. वर कांदा ठेवला. "खाऊन जा. सकाळपासून काही खाल्लेलं दिसत नाई तुनं."

"नाई वं," देवकाबाई सवयीनं म्हणाली, "जेवाले घरी..."

आणि ती तिथंच थांबली. घरी कोणासाठी भाकर झाकून ठेवायची होती? कोण पाय धुवून पाटावर बसणार होतं? सुमित्राबाई तिच्याकडे बघत होती. देवकाबाईनं नव्या लुगड्याचा काठ सावरला, चुलीपाशी खाली बसली आणि भाकरीचा तुकडा मोडला.